इस्मिनीसाठी रडलेल्या बायका

इस्मिनी व्रेतूला मी एकोणीस वेळा मारलं. हे तिचंच म्हणणं. मी तिची मेकअपवाली. अथेन्सच्या स्वस्त भयपटांत कधी तिचा गळा आवळला जायचा, कधी तिला बुडवलं जायचं, आणि त्या सगळ्याच्या खुणा मी तिच्या अंगावर रंगवायची. बारा वर्षं हेच चाललं होतं. त्या उन्हाळ्यात मात्र तिला एका मोठ्या नाटकात काम मिळालं.

"पोलिक्सेनी, तीन अंक जिवंत राहायचंय मला," ती म्हणाली. "जमेल का गं?"

त्याआधीचा शेवटचा सिनेमा आम्ही दक्षिणेकडच्या मानी भागातल्या एका गावात केला. दगडी मनोरे, निवडुंग, खाली समुद्र. प्रसंग अंत्ययात्रेचा होता, आणि मेलेल्यांसाठी शोकगीतं गाणाऱ्या खऱ्याच बायका दिग्दर्शकाला हव्या होत्या. सात जणी आल्या, काळ्या कपड्यांत. इस्मिनी शवपेटीत झोपली. सकाळचे दहा वाजले होते. ऊन एवढं, की तिच्या कपाळावरची पावडर मी दोनदा सारखी केली.

बायका गाईनात.

"कथेतल्या मुलीचं नाव सांगितलंय ना, तेच घ्या," दिग्दर्शक वैतागला.

"त्या नावाची कुणी जन्मलीच नाही," त्यांच्यातली थोरली, पारास्केवी आजी म्हणाली. "नसलेलीसाठी कशा रडणार आम्ही?"

इस्मिनी पेटीतूनच हसली. "मग माझं घ्या, आजी. इस्मिनी. त्यात काय!"

म्हातारीने तिच्याकडे बराच वेळ पाहिलं. "आईला विचारलंस?"

"आई नाहीये मला."

"बरं," म्हातारी म्हणाली, आणि तिने डोक्यावरचा रुमाल सोडला.

गाण्यात आधी तिचं नाव आलं. मग पिरेअसमधली तिची गल्ली आली. मग तीन महिन्यांचा होऊन गेलेला तिचा भाऊ आला, त्याच्या नावासकट. हे मलाही माहीत नव्हतं. दिग्दर्शक खूश होता. कॅमेरामन एका हाताने छातीवर क्रॉसची खूण करत होता.

'कट' झाल्यावर ती लगेच उठली नाही. मी हात दिला तेव्हा उठली. "कुणी सांगितलं त्यांना?" एवढंच बोलली.

नंतर क्रीम लावून मी तिचा चेहरा पुसला. चार फडकी झाली. पांढरा रंग निघाला. खालची कातडीही तशीच पांढरी होती.

दुसऱ्या दिवशी चौकातल्या कॅफेत आम्ही दोन कॉफ्या सांगितल्या. एकच आली. "अहो, माझी?" इस्मिनी म्हणाली. मालक टेबल पुसून आत निघून गेला. तेव्हा आम्ही हसलो होतो.

सप्टेंबरात नाटकाच्या पोस्टरवर दुसरीचं नाव छापून आलं. आम्ही दोघी थिएटरवर गेलो. व्यवस्थापक सज्जन माणूस, माझ्याशी नीट बोलला. इस्मिनी त्याच्या टेबलावर हात आपटत होती, किंचाळत होती, आणि किंचाळण्यावरच तर तिने बारा वर्षं काढली होती. तो मधेच उठला आणि खिडकी लावून आला.

"वारा सुटलाय," म्हणाला.

त्यानंतर ती माझ्याकडेच राहायला आली. सकाळी आरशासमोर बसायची. "गालांना जरा रंग लाव गं." मी लावायची. रंग बसायचा नाही.

डिसेंबरात सिनेमा लागला. दुपारच्या खेळाला आम्ही गेलो, मधल्या रांगेत बसलो. लोक भोपळ्याच्या बिया सोलत होते, नेहमीच्या जागी किंचाळत होते. मग अंत्ययात्रा आली.

बिया सोलायचा आवाज थांबला.

पुढचा एक माणूस टोपी काढून उभा राहिला. मग त्याच्या शेजारची बाई. मग ती सगळी रांग.

आम्ही दोघी सोडून सगळं थिएटर उभं राहिलं. गाणं संपेपर्यंत कुणी बसलं नाही.

दिवे लागल्यावर लोक बाहेर गेले नाहीत. ओळीने माझ्यापाशी आले. एकही चेहरा ओळखीचा नव्हता. मयताच्या घरच्यांचा धरतात तसा त्यांनी माझा हात धरला, आणि मागे राहिलेल्यांना म्हणतात तेच म्हणाले.

"तुम्हाला आयुष्य लाभो, बाई."

"तुम्हाला आयुष्य लाभो."

एका म्हाताऱ्या बाईचा हात माझ्यापर्यंत पोचेना. ती वाकली, आणि आधारासाठी तिने दुसरा हात शेजारी बसलेल्या इस्मिनीच्या मांडीवर टेकला.



"काहीतरी बोल ना त्यांच्याशी," इस्मिनी हळूच म्हणाली. "वाईट दिसतं."