अप्पांनी दाखवलेली हद्द

लोह्याच्या कोर्टात त्या दिवशी पंखा चालू होता, जजसाहेब वेळेवर आले होते आणि आमच्या वकील मनिषाताई लई जोरात होत्या. म्हणजे दिवस आमचाच होता.

भांडण आमच्या आणि किशनकाकाच्या शेतामधल्या पट्टीचं. तिथं काही पिकत न्हाई, पण आमचे अप्पा, माझे वडील, तिथं आहेत. आम्ही लिंगायत, माणूस गेला की शेतातच पुरतो, वर ओटा बांधतो. कोर्टानं नेमलेल्या कमिशनरनं मोजणी करून अहवाल दिला, की ओट्यासकट पट्टी किशनकाकाची. काकानं लगेच सांगून टाकलं, ओटा फोडून पाइपलाइन नेणार.

आम्ही अहवालावर आक्षेप घेतला. मनिषाताईंनी कमिशनरला पिंजऱ्यात उभं केलं.

“हद्दीची खूण कुणी दाखवली?”

त्यानं माझ्याकडं बोट केलं. “या रामलिंगच्या वडिलांनी. गुरुबसप्पांनी.”

मागं कुणीतरी फिसकन हसलं. मीसुद्धा.

“ते वारलेत. तुम्ही त्यांचाच ओटा मोजलाय.”

कमिशनरनं चष्मा पुसला. “मला काय माहीत, मॅडम? डोक्याला पांढरा रुमाल, कपाळाला विभूती. चहा दिला तर कपात बोट बुडवून बघितलं, गार आहे म्हणून परत केला.”

माझं हसू गेलं. अप्पा असंच करायचे.

व्हरांड्यात मी काकाला गाठलं. “तुम्ही बी बघितलं?”

“हाव. मला वाटलं, तूच सोंग उभं केलंस. मग ते माझ्याच बाजूनं बोलायले, तर मी कशाला आडवू?”

या बांधापायी अप्पा जन्मभर काकाशी बोलले न्हाईत. मेल्यावर साक्ष द्यायला उठले, तर ती काकाला! आणि पोटचा पोरगा त्या मोजणीच्या वेळी कुठं? तर कमिशनरसाठी भजी आणायला गेलेला.

कोर्टानं आक्षेप मानला. मोजणी पुन्हा. कमिशनर तोच.

या बारीला मी जागचा हललो न्हाई. भर दुपार. कमिशनरनं टेप सोडली आणि म्हणाला, “धरा, अप्पा.”

दुसरं टोक कुणाच्याच हातात नव्हतं.

टेप ताणलेली होती.

काका हळूच मागं सरकला.

“अप्पा,” मी म्हणालो, “तुमचा ओटा फोडायलेत हे. घरच्याला सोडून तिकडं कुठं चाललात?”

कमिशनर हवेकडं कान देऊन मान हलवत राहिला. मग माझी नजर चुकवत बोलला, “ते म्हणतात, ओटा फुटला तरी चालेल. पण मधे हद्द पाहिजे.”

“कुणाच्या मधे?”

टेप सरकली. ओट्यावरून माझ्याकडं.

“तुमची जागा या बाजूला,” कमिशनर म्हणाला. “अप्पांच्या शेजारी नको म्हणालेत.”

“माझी कसली जागा?”

टेप माझ्या पायाशी येऊन थांबली.

मी खाली बघितलं. उन्हानं सगळं रान भेगाळून दगड झालेलं. माझ्या पायाखालची माती तेवढी भुसभुशीत होती, ओलसर, आत्ताच उकरून परत भरल्यासारखी.