लाल दिवा कुणी पाहिला?

"इस्त्री हिनेच चालू ठेवली! जेवणं झाल्यावर मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं!" दाद्या ओरडला.

भिंगरी त्याच्याकडे बघतच राहिली. सख्खा मामेभाऊ, सुट्टीभर एका ताटात जेवलेला, आणि हाच घरभेदी निघाला! मामांच्या लाँड्रीतल्या टेबलावर डॉक्टरबाईंचा पांढरा कोट पडला होता. त्याच्या पाठीवर इस्त्रीच्या आकाराचा करपलेला डाग होता.

"उद्या सकाळच्या गाडीने हिची घरी रवानगी!" मामा गरजले.

म्हणजे सुट्टी खलास! नदीवरचा तराफा तर अजून अर्धाच बांधून झाला होता. भिंगरी मागच्या पायरीवर जाऊन बसली. शेजारचा ढोल्या तिची समजूत काढायला आला. सगळ्यांनी इतक्यांदा बोलून दाखवलं होतं, की आता तिलाही तसंच आठवू लागलं होतं. इस्त्रीचा लाल दिवा, डोक्यावर गरगरणारा पंखा...

"ढोल्या, मीच केलं असेल का रे?"

"जेवणं झाल्यावर?" खाण्यापिण्याचा विषय निघाला की ढोल्याचं डोकं भलतंच पळे. "अगं, तेव्हा वीज होतीच कुठे! म्हणून तर आइस्क्रीमवाल्या काकांनी वितळलेलं गुलाबी आइस्क्रीम फुकट वाटलं. रांगेत आपण तिघं पहिले!"

"तिघं? म्हणजे दाद्यासुद्धा!" भिंगरी ताडकन उठली आणि थेट लाँड्रीत घुसली.

"दाद्या, तू पाहिलंस तेव्हा इस्त्रीचा दिवा लागलेला होता? पंखा फिरत होता?"

"होता! शपथ!"

"वीज नसताना? आणि कॉलरवर हे गुलाबी काय सांडलंय तुझ्या?"

दाद्याने कॉलर ओढून पाहिली. त्याचा चेहरा खर्रकन उतरला.

"मामा, वीज गेली तेव्हा कोटाला इस्त्री कोण करत होतं?"

"मीच. पण बटण बंद करूनच चहाला गेलो. मला पक्कं आठवतंय..." मामा अडखळले.

"अहो, रोज करता तेच आठवतंय तुम्हाला!" मामी म्हणाली. "मागच्या वेळीही वीज गेली, तेव्हा इस्त्री कपड्यावर तशीच टाकून गेला होतात. बटण मी बंद केलं म्हणून वाचलो! आज वीज आली आणि इस्त्री आपोआप तापली."

मामांनी स्वतःचाच कान पकडला. "चुकलो गं बाई! शाब्बास भिंगरे, मोठ्यांचे डोळे उघडलेस! कुठे जायचं नाही तू."

दाद्या जवळ आला. "सकाळी तू रुमालांना इस्त्री करत होतीस ना, तेच डोक्यात बसलं असेल. मी खोटं नव्हतो बोलत गं. अजूनही तस्संच दिसतंय."

"माहीत आहे. मलाही दिसत होतं." भिंगरीचे डोळे भरून आले. "पण सगळ्यांसमोर ओरडण्याआधी मला एकदा विचारायचं तरी होतंस!"