फुकट स्किन देणारा गोलू

"पोरगी कानात ते घालून कोणाशी बोलून राहिली, जरा बघत जा," सासूबाईंनी बजावलं होतं. मालविकानं ते हसण्यावारी नेलं. "आई, गेम आहे तो. बंदुका असतात, पण खोट्या."

आता ती मुलीचा हात घट्ट धरून नांदेडला, लुंबिनी गायकवाडच्या ऑफिसात बसली होती. लातुरात कोणाला विचारायची सोय नव्हती. संध्याकाळपर्यंत गावभर झालं असतं.

लुंबिनी खासगी तपास करायची. तिच्या शेजारी तिचा मदतनीस महांतेश, देगलूरचा गडी. त्याची गाडी सुसाट पळायची, डोकं जरा दमानं.

"माझं व्हॉट्सअॅप कोणीतरी पळवलंय," मालविका म्हणाली. "मी लातूरला एका खासगी शाळेत शिकवते. चोरानं पिन लावलाय, मला ते परत उघडता येत नाही, आणि माझ्या नावानं सगळ्या पालकांच्या ग्रुपवर मेसेज जातात. मुलांसाठी मोफत स्किन, ही लिंक उघडा. काहींनी उघडली, त्यांचेही फोन गेले. उद्या शाळेची बैठक आहे. मी निर्दोष आहे हे दाखवलं नाही, तर मला काढतील."

"स्किन म्हणजे हो काय?" महांतेशनं विचारलं.

"गेममधल्या माणसाचे कपडे," दहा वर्षांची मनस्विनी पहिल्यांदाच बोलली. "सोनेरी जॅकेट, वाघाचा मुखवटा. त्यानं गोळी जोरात लागत नाही. नुसतं मिरवायचं."

"म्हणजे लग्नातला फेटा," महांतेश म्हणाला. मनूला हसू आलं, पण तिनं ते गिळलं.

लुंबिनी तिच्याजवळ सरकली. "तुला स्किन कोण देतं, बेटा?"

"गोलू. हैदराबादचा आहे. हिंदी बोलतो, लहान पोरासारखा. मला तीन दिल्या त्यानं. येळवशीला म्हणाला, आज भारीतली देतो, तुझ्या फोनवर स्किनचा आकडा येईल, वाचून दाखव. मी वाचला. पण ओटीपी नाही सांगितला. आईनं सांगितलंय, ओटीपी कोणाला सांगायचा नाही."

"अगं, तोच ओटीपी होता," मालविका कळवळली. "चोरानं त्याच्या फोनवर माझा नंबर टाकला, आणि आकडा आला माझ्या फोनवर."

"तो फोन एरवी कोणाकडे असतो?" लुंबिनीनं विचारलं.

"माझ्याकडे. घरी मनू जुन्या टॅबवर खेळते. येळवशीला शेतावर मी वाढण्यात गुंतले होते, म्हणून तिला माझा फोन देऊन कोपीत बसवलं."

मार्गशीर्षातल्या अमावस्येला, म्हणजे येळवशीला, लातूरची दुकानं बंद असतात आणि सगळं शहर शेतात असतं. ज्यांना शेत नाही त्यांनाही आग्रहानं नेतात. कडब्याच्या खोपटात, म्हणजे कोपीत, पांडवांची पूजा, तिच्याभोवती आंबील शिंपडत, चांगभलं म्हणत फेरी, मग जेवायला मिसळभाजीची भज्जी, बाजरीचे उंडे, ताकातली आंबील. रेणापूरजवळच्या शेतात मालविकाच्या सासऱ्यांनी, माधवरावांनी, म्हणजे घरच्यांच्या बापूंनी, तिच्या शाळेतल्या दोघा शिक्षकांनाही बोलावलं होतं.

"खेळताना आणखी काही ऐकलंस?"

मनूनं आठवून पाहिलं. "गेम बिघडला होता. माझा एकच कान चालतो, दुसरा इअरफोन तुटलाय. बापू कोपीभोवती चांगभलं म्हणत फिरत होते ना, ते मला दोनदा ऐकू यायचं. आधी उघड्या कानात, मग इअरफोनमध्ये. बापूंना ठसका लागला, तोही दोनदा."

लुंबिनीनं हातातला चहाचा कप खाली ठेवला. "महांतेश, गाडी काढ. लातूर."

वाटेत महांतेशचा संशय पक्का झाला होता. "तो दीर असंल. गेम खेळतो म्हणे."

मालविकाचा दीर राघवेंद्र लातुरातच डॉक्टरकीच्या परीक्षेचे क्लास करत होता. चौकशीचं ऐकून तो उखडला नाही, दात काढत म्हणाला, "वहिनी, एवढ्या भारी स्किन माझ्याकडं असत्या, तर मी मनूला दिल्या असत्या का? आणि पूजेच्या वेळी मी बापूंच्या मागं होतो. आंबिलीचं मडकं दोन्ही हातांत. ते शिंपडणार, मी सांभाळणार. विचारा त्यांना."

"हाव, होता," माधवराव म्हणाले. "अर्धी आंबील माझ्या धोतरावर सांडली यानं."

शाळेतल्या रेणुकाताई दारातच उभ्या राहून बोलल्या. शाळेत कायम होणारी जागा एकच होती आणि तात्पुरते शिक्षक तीन. मालविका, रेणुकाताई आणि संगणकाचे श्रीनाथसर.

"संशय माझ्यावर येणारच," त्या म्हणाल्या. "मला धुळीचा त्रास आहे. मी सडकेवर जीपमध्ये काचा लावून बसले होते. राघवेंद्रनं तिथंच ताट आणून दिलं. पूजा कधी झाली, मला पत्ता नाही."

"शेतातलं ऐकू येत नाही तिथून?"

"कसं येईल? मधे सगळा ऊस आहे."

श्रीनाथसरांनी मात्र आत बोलावलं, स्वयंपाकघरात जाऊन स्वतः चहा करून आणला. "वाईट वाटतं हो. मालविका मॅडम साध्या आहेत. मी तर पूजेला नव्हतोच, नदीपल्याड एका पालकांच्या शेतात गेलो होतो. जेवायला परतलो. पण बापूंना मानलं पाहिजे, एवढा ठसका लागला तरी चांगभलं सोडलं नाही त्यांनी."

लुंबिनीनं चहा संपवला. बाहेर येऊन तिनं मालविकाला एवढंच विचारलं, "तुमच्या नावानं शेवटचा मेसेज कधी गेला?"

"आत्ताच. तुम्ही आत होतात तेव्हा एका पालकांनी फोन करून सांगितलं."

"छान. म्हणजे तो फोन चालू आहे."

 यात छान ते काय, हे मालविकाला कळेना.

दुसऱ्या दिवशी मुख्याध्यापिका इंदूताईंच्या खोलीत सगळे जमले. मनूही आईला चिकटून बसली.

"गोलू हैदराबादला नव्हता," लुंबिनीनं सुरुवात केली. "तो माधवरावांच्या हाकेच्या टप्प्यात होता. मनूला चांगभलं आधी हवेतून ऐकू आलं, मग गोलूच्या माइकमधून. गेम बिघडला नव्हता. आणि आईचा फोन आज मनूच्या हातात आहे, हे शेतात असलेल्यालाच दिसणार."

"मग राघवेंद्रच," महांतेश पुटपुटला.

"त्याच्या दोन्ही हातांत मडकं होतं. बापूंच्या पाठीशी चालता चालता तो गोलूचा आवाज काढून बोलणार कसा? रेणुकाताई सडकेवर, उसापलीकडे, बंद काचांच्या आड. तिथं बापूंची हाक पोचत नाही, मग माइकमध्ये कुठून येणार? उरले एकच. ते म्हणतात, नदीपल्याड होतो. तरी त्यांना ठसका ठाऊक आहे."

श्रीनाथसर हसले. "जेवताना कोणीतरी सांगितलं असेल."

"असेल. म्हणून मी तेवढ्यावर थांबले नाही. मालविकाताईंचं व्हॉट्सअॅप ज्या फोनवर चालू आहे, त्यांच्या नंबरला व्हॉट्सअॅपवरून फोन केला तर तोच वाजणार. महांतेश, लाव."

महांतेशनं नंबर दाबला. मालविकाच्या हातातला फोन गप्प. 

घर्र, घर्र. श्रीनाथसरांच्या डब्याच्या पिशवीतून.

त्यांनी पिशवी मांडीखाली ओढली, पण इंदूताईंनी हात पुढे केला. "द्या इकडं, सर."

छोटा, काळा, दुसराच फोन. पडद्यावर मालविकाचा हसरा फोटो. त्याच फोनवर गेम, त्यात गोलू, आणि आवाज पोरासारखा करायचं एक अॅपही. मनूही याच शाळेत होती; संगणकाच्या तासाला कोण कोणता गेम खेळतं हे मुलांना विचारून विचारून सरांनी मनूला गाठलं होतं. आधी तीन स्किन खरंच दिल्या, विश्वास बसावा म्हणून.

"एका जागेसाठी, सर?" रेणुकाताई म्हणाल्या. "त्यांच्याच शेतात त्यांची भज्जी खाऊन?"

 इंदूताईंनी पोलिसांना फोन लावला आणि पालकांना कळवायला शिपायाला बोलावलं. मालविकाची नोकरी वाचली होती. तिला उठून नाचावंसं वाटत होतं. पण मनू खालमानेनं बसली होती.

"गोलू खोटा होता?" तिनं हळूच विचारलं. "मला खरंच आवडायचा तो."

मालविकानं तिला मांडीवर ओढलं. एवढी मोठी घोडी मांडीवर मावेना, तरी ओढलं.

तर हे असं झालं. ती लिंक पुढे किती घरांत गेली, कोणत्या लेकरानं ती उघडली आणि भीतीनं गप्प बसलं, ते अजून कोणाला ठाऊक नाही. वाचून झालं असेल तर एवढं करा. आतल्या खोलीत एखादं लेकरू कानात इअरफोन घालून बसलं असेल, त्याच्या शेजारी जाऊन बसा. रागावू नका. तुझी ही स्किन छान आहे, कोणी दिली, एवढंच विचारा, आणि ते लेकरू काय सांगतं ते पूर्ण ऐकून घ्या.