कचरूचा डावा बूट

"बूट टेबलावर ठेवला तर चालेल का?"

बेबीनंदा साळवेने मान डोलावली. तातेरावांनी घाईघाईने आपलं पुस्तक बाजूला ओढलं.

नवीन जालन्यात, स्टेशनकडे जाणाऱ्या रस्त्यावर, बियाण्यांच्या दुकानाच्या माडीवर ही खोली होती. बेबीनंदा आधी विमा कंपन्यांसाठी अपघातांची चौकशी करायची. आता स्वतःच्या पाटीखाली तेच करत होती. तातेराव निवृत्त ग्रंथपाल. टिपणं घ्यायची आणि गोष्टी उशिरा समजून घ्यायच्या, एवढं त्यांचं काम होतं. दोन्ही ते मन लावून करत.

समोर बसलेली मुलगी होती ज्योत्स्ना. एका सळईच्या मिलमध्ये खरेदी अधिकारी.

"हा नवा बूट. असेच सगळ्या कामगारांना दिले," ती म्हणाली. "बोटांवर आत पोलादाची वाटी असते. वजन पडलं तरी बोटं वाचतात."

बेबीनंदाने बुटाच्या नाकावर पेन आपटलं. टक् असा आवाज आला.

"आधी इथल्याच डीलरकडून घ्यायचो. मी मध्यस्थ काढून टाकला, थेट कानपूरच्या कारखान्याकडून मागवले. जोडामागे बराच खर्च वाचला. भागवत सरांनी, म्हणजे आमच्या मॅनेजरांनी, मीटिंगमध्ये माझ्यासाठी टाळ्या वाजवायला लावल्या."

"मग?"

"मग कचरू नावाच्या कामगाराच्या पायावर सळ्यांचा भारा घसरला. बूट चेपला. आत वाटीच नव्हती."

"बाकीच्या बुटांत?"

"आहे. आतापर्यंत तपासले त्यांत तरी. सर म्हणतात, कारखान्याशी संगनमत करून मी बिनवाटीचे बूट मधेमधे घुसवले आणि कमिशन खाल्लं. उद्या दुपारपर्यंत खुलासा दिला नाही तर पोलिसांत तक्रार. गावी, धावड्याला आई आहे. तिला अजून सांगितलं नाही."

"खाल्लं का कमिशन?"

"नाही."

"मग रडता कशाला?"

ज्योत्स्नाने ओढणीने डोळे टिपले. "कचरूची दोन बोटं काढावी लागली, मॅडम. बूट मी आणला होता."

---

मिलच्या गेटवर पाळी बदलत होती. कामगार मोटरसायकलींवरून येत होते, पायांत चपला. बूट नाड्यांनी बांधून हँडलला लटकवलेले. गेटबाहेर कठड्यावर बसून ते बूट चढवत, आणि वॉचमनने पाय बघितले की आत जात. बऱ्याच बुटांच्या टाचा मोडून सपाट झालेल्या होत्या.

"बूट जपतात बिचारे," तातेराव कौतुकाने म्हणाले.

बूट चढवताना एका कामगाराचा चेहरा कसा आवळला, ते बेबीनंदा बघत होती.

भागवत सरांनी केबिनच्या कपाटातून पिशवी काढली. डावा बूट पुढून चपटा झालेला, आतला रक्ताचा डाग काळा पडलेला. उजवा धड होता. दोन्हींच्या तळव्यावर आठचा आकडा.

बेबीनंदाने उजव्यावर पेन आपटलं. टक्.

"म्हणजे ह्याच्यात वाटी आहे?" तातेराव चकित झाले.

"आहे. फक्त डाव्यात नाही." तिने मोबाइलचा उजेड डाव्या बुटात सोडला आणि बोटाने अस्तर उलटवलं. "हे बघा काका."

आतलं अस्तर आडवं कापून पुन्हा शिवलेलं होतं. बारीक, एकसारखे टाके. साधाच दोरा, पण दुहेरी.

"बूट शिवणाऱ्याकडून शिवून घेतलं असेल," तातेराव म्हणाले.

"तो आरीनं शिवतो, जाड मेणाच्या दोऱ्यानं. हे सुईचं काम आहे."

भागवत सरांनी टेबलावर मूठ आपटली. "म्हणजे स्टोअरमध्येच खेळ झाला! बोलवा त्या हरिओमला!"

---

स्टोअरकीपर हरिओम खांदे उडवतच आत आला.

"मी वाटी काढली? काढून काय करू, तिच्यात चहा पिऊ?"

"किल्ली तुमच्याकडे असते," बेबीनंदा म्हणाली.

"असती की. पण बूट वाटल्यावर मंग तो ज्याच्या त्याच्या घरी. माझ्याकडं किल्ली राह्यली अन् रिकामी खोकी राह्यली."

"नंबर कुणी घेतले होते?"

"मीच. गेटवर उभा राहून इचारलं, नंबर सांगा. ज्यानं जो सांगितला तो मॅडमला कळवला. बिलकुल चूक न्हाई केली."

"बदलून मागितले कुणी?"

हरिओमने भागवत सरांकडे चोरून पाहिलं. "लई जणांनी. पहिले डीलर प्रितमभाऊ गाडीत घालून न्यायचे अन् दुसरा नंबर आणून द्यायचे. आता कारखाना कानपूरला. एका जोडासाठी कोण जाऊन राह्यलं तिकडं?"

"कचरू आला होता?"

"आल्ता." त्याचा आवाज उतरला. "म्हटलं, चामडं हाय, वापरून सैल होईल. घाल."

---

डीलर प्रितमचं दुकान बाजारात होतं. ज्योत्स्नाचं नाव काढताच तो खुर्चीतून उठला.

"मंग जा ना कानपूरला! माझ्याकडं काय काम?"

"कुणाचा तरी पाय जाईल, असं तुम्ही बोलला होतात म्हणे," बेबीनंदाने अंधारात दगड मारला.

प्रितम खाली बसला. त्याने उगाचच एक खोकं उघडलं आणि बंद केलं.

"बोललो होतो. रागात. आता झोप लागत न्हाई, ताई."

"राग कशाचा?"

"मी दरवर्षी मापाची पाटी घेऊन मिलमध्ये जायचो. एकेकाला तिच्यावर उभा करायचो. त्यांनी सांगितलेला नंबर मी कधी ऐकलाच न्हाई. न्हाई जमला बूट, तर बदलून द्यायचो. त्या खर्चाचे पैसे कुठं लावणार? बुटाच्या किमतीतच लावायचो. मॅडमला ते माझं कमिशन दिसलं." तो कडवट हसला. "थोडं होतं बी. खोटं कशाला बोलू?"

स्कूटरवर बसता बसता तातेराव म्हणाले, "हाच. राग आहे, बुटाची जाण आहे, आणि भविष्यही आधीच सांगून ठेवलं."

"आणि वाटलेल्या बुटापर्यंत तो पोचला कसा?"

तातेराव हेल्मेटचा पट्टा चाचपू लागले.

"आणि एकाच बुटाची वाटी का काढली, काका? सळ्या डाव्या पायावर पडणार हे त्याला कुणी कळवलं होतं?"

तातेरावांनी हेल्मेट घातलं. कधी कधी ते फार सोयीचं असे.

---

कचरू मंठ्याकडचा. मिलच्या मागच्या वस्तीत एका खोलीत राहायचा. तो अजून दवाखान्यातच होता. त्याची बायको तुळजाबाई डबा घ्यायला घरी आली होती.

दारातल्या जुन्या चपलेला अडखळून तातेराव पडता पडता वाचले. त्यांनी ओशाळून चप्पल नीट ठेवली. पुरुषाची रबरी चप्पल, आठ नंबरची. पुढचा काठ बोटांनी झिजून खाली वाकला होता, आणि बोटांचे खळगे पार काठावर उतरलेले. ते बघून तातेरावांना वाटलं, नवी चप्पल घ्यायलाही माणसाला सवड नाही.

तुळजाबाईने गोधडी अंथरली. "बसा. च्या ठेवू?"

"नको, तुम्हाला घाई आहे." बेबीनंदा गोधडीवर बसली, तिच्यावरून हात फिरवला. "तुम्ही शिवली?"

"व्हय. आजूबाजूच्या बाया बी शिवून घेत्यात."

"दोरा दुहेरी घेता."

"मंग टिकती." तुळजाबाई डब्याचं झाकण लावत होती. ते लागेना. "ताई, त्या खरेदीच्या मॅडमची नोकरी जाईल का?"

"जाईल. कदाचित पोलिसही येतील."

"त्यांचा काई दोष न्हाई."

"तुम्ही भेटलात त्यांना?"

"न्हाई."

"मग?"

झाकण एकदाचं बसलं.

बेबीनंदा उठली. दाराशी थांबून म्हणाली, "उद्या दुपारी मिलमध्ये आम्ही सगळे बसणार आहोत. यायचं की नाही, ते तुम्ही ठरवा. मी कुणाला पाठवणार नाही."

बाहेर आल्यावर तातेरावांनी विचारलं, "त्यांना कशाला त्रास?"

बेबीनंदाने स्कूटरला किक मारली. तिचा चेहरा असा दिसत होता, जणू तिचंच काहीतरी चुकलं होतं.

---

दुसऱ्या दिवशी केबिनमध्ये भागवत सर, ज्योत्स्ना, हरिओम आणि प्रितम बसले होते. बेबीनंदाने दाराकडे एकदा पाहिलं आणि सुरुवात केली.

"ज्योत्स्नाने कमिशन खाल्लेलं नाही. बनवणाऱ्याने फसवलं असतं तर दोन्ही बूट बिनवाटीचे निघाले असते. शिवाय न घातलेली वाटी काढायला अस्तर कापावं लागत नाही. वाटी होती, आणि बूट इथे आल्यावर ती काढली गेली."

"स्टोअरमध्ये," भागवत सर म्हणाले.

"काढून हरिओमला काय मिळणार? वाटीला भंगारातही कुणी विचारणार नाही. घातपात म्हणाल, तर कुठल्या पायावर काय पडेल हे कुणालाच ठाऊक नसतं. मग फक्त डाव्या बुटाची वाटी नको होती कुणाला? ज्याला फक्त डावा बूट चावत होता, त्याला. किंवा ज्याला ते बघवत नव्हतं, त्याला."

हरिओमने मान खाली घातली.

"गेटवर मी पाहिलं. सगळे चपलेवर येतात, बूट शेवटच्या क्षणी चढवतात. टाचा मोडून घालतात. काका म्हणाले, बूट जपतात. नाही, बूट सगळ्यांनाच लहान होतायत. का? हरिओमने विचारलं, नंबर सांगा. ह्या माणसांनी जन्मभर चप्पल घातली. त्यांनी चपलेचा नंबर सांगितला. चपलेत बोटं पुढे गेली तर बिघडत नाही. कचरूची चप्पल आठ नंबरची आहे, आणि त्याची बोटं तिच्या काठाबाहेर जातात. त्याला बूटही आठचाच मिळाला. चामडं सैल होतं, हरिओमभाऊ. पोलाद होत नाही."

तातेरावांना आपण हाताने सरळ केलेली ती चप्पल आठवली. त्यांनी वही मिटली.

"प्रितमभाऊ त्यांनी सांगितलेला नंबर ऐकायचे नाहीत, ते ह्यासाठीच," बेबीनंदा म्हणाली. "तुम्ही त्यांचा नफा वाचवला, सर. त्याच्याबरोबर पायांची मापं घेण्याचा खर्चही वाचवला."

"मग वाटी काढली कुणी?"

"गोधडी शिवणाऱ्या हाताने..."

"मी काढली."

तुळजाबाई दारात उभी होती. किती वेळ, कुणास ठाऊक. तिने पदराची गाठ सोडून एक पोलादी वाटी टेबलावर ठेवली.

"डाव्या पायाचं नख काळं पडलं होतं. घरी आले की पाय पाण्यात घालून बसायचे. ते गावाकडं गेल्ते तवा मी अस्तर कापलं अन् पकडीनं वढून काढली. मला वाटलं, बुटाचा आकार राहावा म्हणून घालत्यात. परत शिवून टाकलं. त्यांना सांगितलं न्हाई, वरडले असते. पायात घातल्यावर ते खूश झाले. म्हणले, हरिओमभाऊ बराबर बोलले, बूट सैल झाला."

हरिओम उठून खिडकीशी गेला.

"काल रात्री त्यांना सांगितलं," ती म्हणाली.

भागवत सरांनी घसा साफ केला. "वाईट वाटतं, बाई. पण बुटाची मोडतोड घरी झाली. म्हणजे कंपनीची जबाबदारी संपली. भरपाईचं प्रकरण पुढे जाणार नाही. ज्योत्स्ना, तुझ्यावरचा आळ गेला. तेवढं लिहून दे, विषय मिटवू."

त्यांनी कोरा कागद तिच्यापुढे सरकवला. बेबीनंदाने आपलं पेन त्या कागदावर ठेवलं. आता बोलायची पाळी तिची नव्हती.

ज्योत्स्नाने लिहायला घेतलं. बराच वेळ लिहीत होती. मग तिने कागद वाचून दाखवला. मापं न घेता बूट मागवले. बदलून द्यायची सोय ठेवली नाही. आतली वाटी कशासाठी असते, हे कुणाला समजावून सांगितलं नाही. जो बूट पायात मावत नाही, तो दिला असं म्हणता येत नाही. ही चूक खरेदी विभागाची, म्हणजे माझी.

"कळतंय का काय लिहिलंस?" भागवत सर म्हणाले. "चोरीचा डाग धुऊन निघाला होता. हा राहील. नोकरी मी वाचवू शकणार नाही."

"चोरी मी केलीच नव्हती, सर. हे केलंय." तिने सही केली. "टाळ्या वाजवल्या तेव्हा मीही हसत उभी होते."

भागवत सरांनी कागद उचलला नाही. फाडलाही नाही. शेवटी बेबीनंदाने त्याची एक प्रत मागून घेतली. कचरूच्या विम्याची कागदपत्रं कुठे आणि कशी लावायची, हे तिला चांगलं ठाऊक होतं.

---

संध्याकाळी ज्योत्स्ना दवाखान्यात गेली. आत जायला पाय उचलेना, म्हणून बेबीनंदा आणि तातेराव सोबत आले.

कचरू उशीला टेकून बसला होता. मिलच्या मॅडमला बघून तो गडबडला, पट्टी बांधलेला पाय चादरीखाली ओढायला लागला.

"राहू द्या," ज्योत्स्ना म्हणाली. येताना सगळ्या वाटेने जुळवलेली वाक्यं तिला आठवेनात. "दादा, मी..."

"मॅडम, तुळजीला काई म्हणू नका," कचरू घाईने म्हणाला. "आडाणी हाय, पण मनानं चांगली हाय. कंपनीचा बूट आमच्याकडून खराब झाला, हे खरं. जोडाचे काय असतील ते पगारातून कापून घ्या."

ज्योत्स्ना पलंगाची दांडी धरून उभी राहिली.

तातेराव बाहेर व्हरांड्यात निघून गेले.