अर्ध्या ओवीची चोरी

इचोड्याच्या ढाब्यावर प्रतिभा रामटेके यांनी भाकरीचा पहिला तुकडा मोडला आणि तेवढ्यात एक मुलगी रडवेल्या तोंडाने समोर येऊन उभी राहिली. खासगी गुप्तहेराला सुखाने जेवू द्यायचं नाही, असा या जिल्ह्यात नियमच असावा.

"तुमीच त्या शोध लावणाऱ्या ताई नं? माझी आजी चोरीला गेली!"

चंपतरावांचा घास हातातच राहिला. तहसिलीतून पेशकार म्हणून निवृत्त झाल्यापासून ते प्रतिभाताईंच्या सोबत हिंडत. "आजी? कोणाच्या कब्जातून?"

"आवाज हो काका. आजीचा आवाज!"

मुलीचं नाव मैत्री. तिच्या कॉलेजातली मुलं स्वतःच एक छोटं रेडिओ केंद्र चालवत. अशी विद्यार्थ्यांची केंद्रं देशभर होती, एकमेकांशी जोडलेली. दरवर्षी त्यांतला एकच कार्यक्रम निवडला जाई आणि सगळीकडे एकाच वेळी लागे. यंदा नमुना ऐकून मैत्रीचा निवडला होता. तिची आजी मनकर्णाबाई हिच्या जात्यावरच्या ओव्या. पूर्ण कार्यक्रम आज दुपारी कॉलेजच्या केंद्रातूनच लागायचा होता. रेकॉर्डिंगनंतर आजीला लकवा झाला, वाचा गेली. तिचा आवाज उरला होता तो एका पेनड्राइव्हवर, आणि तोच सकाळपासून गायब होता.

"दुसरी प्रत?" प्रतिभाताईंनी विचारलं.

"कॉम्प्युटरात व्हायरस शिरला ताई, सगळं पुसा लागलं. आजीले कॉलेजच्या अंगणात आणून बसवलं. तुहा आवाज तुले ऐकवतो म्हणून मी तिले शब्द देला."

"रेकॉर्डिंगच्या वेळी कोण होतं?"

"मी अन् आजी. दोघीच. सुटी होती." हे तिने जरा जास्तच घाईने सांगितलं.

भाकरी ताटात तशीच राहिली.

स्टुडिओ म्हणजे जुनी प्रयोगशाळा, भिंतींना गोधड्या ठोकलेल्या. दारातच एका मुलीने चंपतरावांना अडवलं. ही सुनयना, केंद्राची निवेदिका.

"काका, कडं अन् किल्ल्या काढा. आत जाताना बांगड्या, घड्याळ, सारं ह्या ताटलीत ठेवाचं. माइकात किणकिण येते."

"आज तं रेकॉर्डिंग नाही!"

"नसलं तरी. सवय मोडत नाही आमी."

चंपतराव पुटपुटत कडं ओढू लागले. आत अनुप कॉम्प्युटरसमोर बसून माउस टेबलावर आपटत होता. यंत्रांचं काम आणि खोलीची चावी त्याच्याकडे.

"मैत्रीनं पेनड्राइव्ह इथं लावला अन् आजीले आणाले गेली," तो म्हणाला. "मी खोली उघडीच टाकून छतावर एरियल नीट करून राह्यलो होतो. खाली आलो तं पेनड्राइव्ह नाही. वरतून हा बिनवायरचा माउस बी मेला. त्याचा नखाएवढा तुकडा कॉम्प्युटरले लावलेला असते, तोही कुठं पडला काय माहीत."

"मैत्रीचा हेवा वाटतो?"

"वाटते नं! मी बोंडअळीच्या कार्यक्रमासाठी वर्षभर शेतकऱ्यांच्या मांगं फिरलो, अन् देश ओव्या ऐकणार."

सुनयनानेही आडपडदा ठेवला नाही. "पोटात आग पडली माह्या. आवाज माहा चांगला, अन् नाव हिचं! पण चोरी केली असती तं मी निवेदन काऊन पाठ करत बसली असती?"

निवडीला पाठवलेला नमुना तिच्या फोनवर होता. तिने तो लावला. थकलेला पण गोड आवाज आला:

"मूठ मूठ जवारी घालते जात्यात..."

मग नुसती जात्याची घरघर. मग दुसऱ्या ओवीची पहिली ओळ आणि पुन्हा घरघर.

"बुढी दम घेऊन राह्यली," चंपतरावांनी निदान केलं.

प्रतिभाताईंनी नमुना पुन्हा एकदा लावायला सांगितला. "आज आणखी कोण आलं होतं?"

"वच्छलामाय. आजीच्या शेजारच्या. सकाळपासून ओसरीत बसल्यात."

वच्छलाबाईंना बोलावलं. त्या उंबऱ्यापाशी थांबल्या, ताटलीकडे पाहिलंही नाही. मनगटात रुतलेल्या हिरव्या बांगड्यांवर पदर घट्ट गुंडाळला आणि आत येऊन खालीच बसल्या.

"मले काय इचारता बाई? मी तं ही खोली आज पहिल्यांदाच पाहून राह्यली. त्या यंत्रातलं मले ओ की ठो कळत नाही."

"मनकर्णाबाईंची ओळख जुनी?"

"लग्न होऊन आलो तवापासून एका जात्यावर."

प्रतिभाताईंनी सगळ्यांना आत बोलावून दार लावलं. चंपतरावांचा निकाल तयारच होता. "अनुप! चावी त्याच्यापाशी, जळफळाट बी त्याचाच. बयान लिहून घ्या."

"अनुपने चोरी केली असती तर स्वतःचा माउस कशाला बंद पाडला असता?" प्रतिभाताई म्हणाल्या. "तो तुकडा कुठे पडला नाही, तोही चोरीलाच गेला. चोराला दोन बारक्या वस्तू लावलेल्या दिसल्या. ओव्या कोणत्या वस्तूत आहेत हे कळेना, म्हणून दोन्ही उपसल्या. अनुप आणि सुनयना रोज ते हाताळतात. त्यांना हा घोळ झाला नसता."

सगळ्यांच्या नजरा वच्छलाबाईंकडे वळल्या.

"पण त्या तं आत कदी आल्याच नाही म्हणतात," चंपतराव अडले.

"मग आत येताना बांगड्यांना पदर का गुंडाळला? इथली रीत त्यांना कोणी शिकवली?"

"दुसऱ्यांचं पाहून..."

"दुसरे बांगड्या काढून ताटलीत ठेवतात. यांच्या हातातून त्या निघत नाहीत. माइकसमोर जातं ओढायचं तर पदरच गुंडाळावा लागतो. ती सवय इथे बसूनच लागली. रेकॉर्डिंगला तिसरी बाई होती, मैत्री, आणि तू ते लपवलंस."

मैत्रीने मान खाली घातली.

"चंपतराव, तुम्ही म्हणालात बुढी दम घेते. दम घेतला असता तर जातंही थांबलं असतं. ते तर फिरतच होतं. जात्यावर दोघी समोरासमोर बसतात. एक अर्धी ओवी म्हणते, दुसरी पुरी करते. नमुन्यात पुरी करणारा आवाज कापलेला आहे. आणि तो कापणारी एकच असू शकते."

वच्छलाबाईंनी कनवटीतून पेनड्राइव्ह आणि नखाएवढा तुकडा काढून जमिनीवर ठेवला.

"पोरीनं मोठ्या हौसेनं फोनवर ऐकवलं मले," त्या म्हणाल्या. "माह्या ओवीच्या जागी नुसतं जातं फिरे! साऱ्या देशात मनकर्णीचं नाव होणार, अन् मी कोण? जीव जळला माहा. माहा आवाज नाही तं तिचा बी नको, असं वाटलं. हो, वाटलं!"

"कापला मी!" मैत्री उसळली. "आजीनं मले वाढवलं. पण पडल्यापासून तिची नजर तुलेच शोधते. औषध मी देतो, अंग मी पुसतो, अन् दारात कोणी आलं का ती तूच समजून मान उचलते! एक गोष्ट तरी फकत तिची अन् माही पाह्यजे होती मले."

चंपतरावांनी हळूच विचारलं, "मंग दरखास्त कोणाविरुद्ध लिहू?"

"फिर्याद हिचीच आहे," प्रतिभाताई म्हणाल्या. "मैत्री, न कापलेल्या ओव्याही यातच आहेत ना? मग काय लावायचं ते तू ठरव. वेळ थोडा आहे."

मैत्रीने पेनड्राइव्ह उचलला आणि बराच वेळ मुठीत धरला. मग तो अनुपच्या हातात दिला. "पुरं लाव. अन् सुनयना, नावं दोन घे."

अंगणात स्पीकर लागला. खुर्चीवरची मनकर्णाबाई आपलाच आवाज डोळे मिटून ऐकत होती. पहिली ओळ संपली आणि तिच्यामागे दुसरा आवाज आला:

"भीमानं देली पाटी लेकीच्या हातात."

म्हातारीने डोळे उघडले. तिचा चांगला हात वर आला आणि काहीतरी शोधू लागला. शेजारी स्टुलावर बसलेल्या मैत्रीने तो धरला. त्या हाताने तिची बोटं चाचपली, सोडून दिली आणि तो पुन्हा शोधू लागला. खाली बसलेल्या वच्छलाबाईंचं मनगट सापडलं तेव्हा कुठे तो थांबला. मग दोघींचे हात हवेत गोल गोल फिरू लागले.

मैत्रीने आपला सुटलेला हात मागे घेतला. ती उठली आणि आपलं स्टूल खुर्चीला चिकटवलं.

"खाली नको बसू, वच्छलामाय," ती म्हणाली. "इथं बस."