पिराजीचा गोटा

बसा पोरांनो, आणि मधे कुणी "आण्णा, खरं का?" म्हणून विचारू नका. केरबा गवंडी अजून जिता आहे, जाऊन त्यालाच विचारा.

गेल्या पौष अमावस्येची रात्र. पावणेअकरा वाजले होते. केरबा निघाला होता गडमुडशिंगीतल्या एका चुनेगच्ची घराकडं, विसरलेला ओळंबा आणायला. घर शंभर वर्षांचं. हातभर जाडीच्या भिंती, दगड चुन्यात बसवलेला, वर गिलावाही चुन्याचाच. त्या भिंतीवर केरबानं तीनदा सिमेंट थापलं आणि तिन्ही वेळा ते पोपडा धरून खाली आलं. माणूस नुसता वैतागला होता. चौथा हात त्या दिवशीच मारलेला. मालक विजयसिंहांनी तोंडावर सांगितलं होतं, "सकाळी परत पडलेलं दिसलं, तर दुसरा गवंडी बघतो."

वाटेत केरबा मेलेल्या बापावरच चरफडत होता. बाप पिराजी, चुन्याचा जुना कारागीर. बैलाच्या घाणीत चुना मळायचा, त्यात गुळाचं पाणी घालायचा आणि नदीतल्या गोट्यानं भिंत आरशासारखी घोटायचा. मरेपर्यंत एकच पालुपद, "चुन्यावर सिमिट बसत न्हाय. शिक की जरा!"

केरबा शिकला नाही. आता पंचक्रोशीत चुन्याची घाणीसुद्धा उरलेली नाही. नरसोबाच्या वाडीला अस्थी सोडताना त्यानं बापाचा तो कोपरा उडालेला गोटाही संगमात भिरकावला. "आता कुणाला लागतोय ह्यो?"

कुलूप काढून तो आत गेला. मोबाईलच्या उजेडात कोनाड्यातला ओळंबा दिसला. हात पुढं केला, तोच आतल्या खोलीतून आवाज आला.

सर्र... सर्र...

भिंत घोटल्यासारखा.

"कोण हाय?"

आवाज थांबला. ओल्या चुन्याचा वास आला.

"आबा...?"

मग सर्र... अगदी कानाशी.

भीती राहिली बाजूला, केरबाचा इतक्या दिवसांचा वैताग एकदम उफाळला. "बसत न्हाय, कळलं मला! पर आता शिकवणार कोण? आं? सांग की!"

मोबाईलचा उजेड गेला. पाठीमागं काहीतरी धप्पकन पडलं. पुन्हा पडलं. केरबा पळाला. ओळंबा तिथंच.

सकाळी विजयसिंहांबरोबर तो आत गेला. चौथा गिलावाही जमिनीवर. विजयसिंह दुसऱ्या गवंड्याला फोन लावत बाहेर गेले. काम गेलं. केरबानं ओळंबा घ्यायला कोनाड्यात हात घातला.

शेजारी गोटा होता. कोपरा उडालेला.

त्याला चुना लागला होता, ओला. आणि चुन्याला मुंग्या लागल्या होत्या.