उसवलेलं झंपर

विश्वास ठेवायचा तर ठेवा, नाहीतर सोडून द्या. ही माझ्या मावसबहिणीची, तृप्तीची गोष्ट आहे आणि यात मी पदरचं काही घातलेलं नाही.

गेल्या वर्षीचा मे महिना. गाव हसनाबाद. आणि वेळ रात्रीची नाही... भर दुपारची.

तृप्ती आज मोठी डिझायनर आहे. तिच्याकडून लेहंगा शिवून घ्यायला दुबईच्या नवऱ्या विमानानं मुंबईत येतात. "शिवण कुणाकडून शिकलात?" असं कुणी विचारलं, की ती हसून सांगायची, "कुणाकडूनच नाही. माझं मीच."

हे ऐकून गाव कपाळाला हात लावायचं. तिला सुई धरायला शिकवली ती गावातल्या शिवणवाल्या सुगंधाबाईंनी, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं.

सुगंधाबाई टेप वापरत नसत. बोटांनी माप घेत. पोरींची टीप वाकडी पडली तर रागवत नसत. सगळी शिलाई उसवायची, दोरा कागदाच्या चिठ्ठीवर गुंडाळायचा आणि कापडासकट पोरीच्या हातात द्यायचा.

"पुन्हा शिव. आन् अंगात घालून बघितल्याबिगर झंपर झालं म्हणू न्हाई."

शेवटच्या आजारपणात त्यांनी निरोप धाडला, तृप्तीच्या हातचं एक झंपर पाहिजे. तृप्ती नुसती 'पाठवते, पाठवते' म्हणत राहिली. पौषात म्हातारी गेली.

मे महिन्यात तिच्या धाकट्या बहिणीचं, शीतलचं लग्न होतं. ब्लाउज अर्थात तृप्तीच शिवत होती. आदल्या दुपारी मधल्या खोलीत ट्रायल चालली होती. दाराला आतून कडी. तृप्ती शीतलच्या समोर उभी, तोंडात टाचण्या, दोन्ही हात गळ्याच्या काठावर.

शीतल एकदम शहारली.

"ताई, किती गार बोटं गं तुझी... पाठीवर नको लावू."

तृप्तीचे दोन्ही हात पुढे होते.

खोलीत तिसरं कुणीच नव्हतं...

ती वळसा घालून मागे गेली. पाठीच्या कापडावर खडूच्या चार रेघा होत्या. बरोबर एकेका बोटाच्या अंतरावर.

ती कुणाला काही बोलली नाही. रेघा झटकल्या, शिलाई पक्की केली आणि चहाला गेली. परत येऊन बघते तर...

एक बाजू काखेपासून कमरेपर्यंत उसवलेली. शेजारी चिठ्ठी. तिच्यावर दोरा नीट गुंडाळलेला.

तिनं पुन्हा शिवलं. पुन्हा उसवलं गेलं. तिसऱ्यांदा ती पाणी प्यायला वळली, तेवढ्यात पाठीमागे आवाज आला.

कट... कट... कट...

एकेक टाका तुटत होता.

मुहूर्त उद्याच, पावणेबाराचा. अंगावर घालायला ब्लाउज नाही, म्हणून शीतल रडायला लागली. तेव्हा तृप्तीची आई, आमची पुष्पामावशी, दारात येऊन उभी राहिली. तिनं ती चिठ्ठी बघितली आणि तिचा चेहराच उतरला.

"आता तरी उमजून राह्यलं का तुला? म्हातारीचं आधी शिव. मंग बहिणीचं होईल."

"मापच न्हाई माझ्याकडं, आई! कधी घेतलंच न्हाई मी."

हिरवं कापड पुढ्यात घेऊन तृप्ती बसली आणि तिला रडू फुटलं. खरंच लाज वाटली तिला. आणि त्या उकाड्यात तिच्या हातावर गार बोटं टेकली...

वीतभर इथं... तीन बोटं तिथं...

संध्याकाळी तिनं ते झंपर सुगंधाबाईंच्या बंद घराच्या कडीला अडकवलं. शीतलचा ब्लाउज मग कुणी उसवला नाही. लग्न थाटात लागलं.

तिसऱ्या दिवशी मुंबईत तिनं बॅग उघडली...

सगळ्यात वर हिरवं झंपर. सगळ्या शिलाया उसवलेल्या. दोरा चिठ्ठीवर.

तेव्हापासून तृप्तीनं ते अकरा वेळा शिवलंय. मुलाखतीत आता ती सुगंधाबाईंचं नाव घेते, फोटोही दाखवते. तरी शिवून ठेवलेलं झंपर सकाळी उसवलेलंच असतं.

परवा तिचा फोन आला.

"या खेपेला डावी बाही तशीच राह्यली. न्हाई उसवली तिनं."

"चांगलंच झालं की!" मी म्हणालो.

तिनं फोनच ठेवून दिला. मग मलाही आठवलं, म्हातारी काय म्हणायची ते.

आता उजवी बाही, पाठ आणि गळा, एवढंच पसंत पडायचं राहिलंय. ते पडलं, की झंपर अंगात घालून बघायला सुगंधाबाई येणार...